ताईचं ‘नको’ आणि जवसाचं सँडविच

वारसा ही काही मर्यादित काळासाठी मिळणारी गोष्ट नाही. तो मातीतून येतो, आईच्या हातातून येतो, पिढ्यांमागून पिढ्या झिरपत राहतो आणि आपण गेल्यावरही मागे उरतो. अमरावतीत तो यंदा संक्रांतीच्या सुमारास आला, महाशिवरात्रीपर्यंत उरला, आणि दर मंगळवारी बंद असायचा.

माझ्या भाच्याचं अमरावतीत सँडविचचं दुकान आहे. तो त्याला कॅफे म्हणतो, त्याची आई, म्हणजे माझी ताई, दुकान म्हणते; मी दोघांसमोर वेगवेगळं म्हणतो. कोचिंग क्लासेसच्या भागात आहे. त्या रस्त्यावर डॉक्टर आणि अधिकारी होऊ घातलेली हजारो पोरं सकाळ-संध्याकाळ वाहत असतात आणि त्यांना सारखी भूक लागलेली असते. दुकान भाचा आणि त्याची बायको मिळून चालवतात. म्हणजे ती सँडविच करते आणि तो फळा लिहितो. दारातल्या त्या फळ्यावर यंदा रंगीत खडूनं लिहिलं होतं: ‘काळ्या मातीचा वारसा, आता दोन पावांच्या मध्ये! मर्यादित काळासाठी.’

मी आयुष्यभर अमरावतीतल्याच एका कॉलेजात इतिहास शिकवला. आमच्याकडे वारसा परीक्षेला पाच मार्कांसाठी यायचा आणि पोरं तो ऑप्शनला टाकायची. त्याला इतके दिवस पावाची कमतरता होती हे मला निवृत्तीनंतर कळलं.

सँडविचात मात्र नाव ठेवण्यासारखं काही नव्हतं. भाजलेलं वांगं, ओल्या तुरीच्या दाण्यांचा ठेचा, सढळ हातानं सांबार, म्हणजे बाकीचा महाराष्ट्र ज्याला कोथिंबीर म्हणतो ते, आणि पावाच्या दोन्ही कापांना आतून जाड लावलेली जवसाची चटणी. बाजूला चांदूर बाजारकडच्या संत्र्याच्या चार फोडी. ओली तूर शेतात हिरवी असेपर्यंतच मिळते; फाल्गुन जवळ आला की दाणा टणक होतो आणि मग त्याचं वरण होतं, ठेचा होत नाही. त्यामुळे ‘मर्यादित काळासाठी’ हे त्या फळ्यावरचं एकमेव खरं विधान होतं.

पहिल्या दिवशी छोटासा समारंभ झाला. भाच्यानं प्रमुख पाहुणे आणले होते. गावात असा एक वर्ग असतो जो फीत दिसली की कात्रीच्या दिशेनं चालू लागतो, पाहुणे त्यातले. त्यांनी जवसाच्या थोरवीवर बरंच भाषण केलं. आपल्या पूर्वजांना हे सगळं माहीत होतं, असं ते तीनचारदा म्हणाले. टाळ्या झाल्या. मग त्यांच्यापुढे बशी आली तेव्हा त्यांनी घशाला तिखट चालत नाही असं सांगून चीज-कॉर्न सँडविच मागवलं आणि आवडीनं खाल्लं.

त्या समारंभाला सगळे होते. क्लासवाले होते, शेजारचा झेरॉक्सवाला होता, मी होतो. फक्त जिच्या हातची ती चटणी होती ती माझी ताई नव्हती.

ताई माझ्याहून बरीच मोठी. अकोल्यात राहते. भाऊजी गेल्यापासून घरात एकटीच असते, पण घर पाहून तसं वाटत नाही. स्वयंपाक अजून चौघांचा होतो आणि गल्लीत जिरतो. जवसाची चटणी हा तिचा खास प्रांत. जवस मंद आचेवर तडतडेपर्यंत भाजायचं, लसूण, जिरं, तिखट, मीठ घालून उखळात कुटायचं. मिक्सरचं नाव काढलं तर ती आपल्याकडे अशी पाहते की आपणच मिक्सरचा शोध लावला आहे.

भाच्याचं लग्न झालं आणि पुण्याची सून आली. ताईनं तिच्यासाठी अमरावतीला पहिली बरणी पाठवली. काही दिवसांनी ताई स्वतः तिथं राहायला गेली असताना तिनं एका सकाळी स्वयंपाकघरात एक दृश्य पाहिलं आणि लगेच मला फोन केला. आवाज दबका होता, घरात चोर शिरल्यासारखा.

“भाऊ, सून चटणी पावाले लावते रे!”

“लावू दे ना ताई.”

“वरून लोनी!”

“मग काय झालं?”

“काही नाई झालं. तुले सांगून राहिली फक्त.”

पण अकोल्याहून आलेली पुढची बरणी आधीच्या दुप्पट होती. दोन-अडीच वर्षं ती सून सकाळी उभ्या-उभ्या तोच पाव खात राहिली आणि एका हिवाळ्यात तिला वाटलं, हे आपण विकू या. वारसा दोन पावांच्या मध्ये गेला तो असा. भाच्याचा खडू नंतर आला.

तर समारंभाच्या आदल्या आठवड्यात मी अकोल्याला ताईकडे होतो. दुपारी जेवून ती शेंगा सोलत बसली होती आणि सुनेचा फोन आला. ताई फोन नेहमी स्पीकरवर ठेवते. फोन कानाला लावला तर एका कानाचंच बोलणं होतं, असं तिचं म्हणणं.

“आई, सँडविच सुरू करतोय आपण, तुमच्या चटणीचं. तुम्ही या ना पहिल्या दिवशी. चाखून बघा.”

ताईच्या चेहऱ्यावर जे पसरलं ते मी पाहिलं. तिनं मांडीवरची टरफलं झटकली, पदर सारखा केला आणि म्हणाली, “नको वं माय. मले कायले आता पाव-गिव? तुमी खा.”

“बरं आई,” पलीकडून अतिशय मऊ आवाज आला. “जशी तुमची इच्छा. काळजी घ्या हं.”

फोन बंद झाला.

ताई थोडा वेळ फोनकडे पाहत राहिली. तो पुन्हा वाजेल असं तिला वाटत असावं. मग तिनं शेंगा सोलायला घेतल्या. त्या कटाकट फुटत होत्या.

“बरं म्हणे,” ती म्हणाली.

मी एक शेंग उचलली.

“एकदा नको म्हनलं त बरं म्हणे. जशी इच्छा म्हणे. मायी इच्छा कोनं इचारली होती?”

इथं बाहेरच्या वाचकासाठी थोडं सांगायला हवं. आमच्या वऱ्हाडात खाण्याच्या बाबतीत पहिलं ‘नको’ म्हणजे नमस्कार. दुसरं म्हणजे घरच्यांची खुशाली. तिसऱ्या नकोपासून बोलणी सुरू होतात. पाहुण्यानं पहिल्याच वेळी हो म्हटलं तर तो हावरट, आणि यजमानानं पहिलंच नको मानलं तर तो कंजूष. दोघांनी आपापली अब्रू सांभाळत सांभाळत शेवटी ताटापर्यंत पोचायचं असतं. तिवस्याकडच्या आमच्या एका आत्यानं लग्नाच्या पंगतीत इतक्या वेळा नको म्हटलं की वाढपी कंटाळून पुढे गेला. आत्यानं त्या घराशी पुन्हा सोयरीक होऊ दिली नाही.

आणि सून पुण्याची. पुण्याच्या आदरातिथ्यावरचे विनोद मी इथं करणार नाही. ते पुण्याचे लोकच जास्त चांगले करतात. पण सोयरीक ठरवायला आम्ही तिच्या माहेरी गेलो होतो तेव्हा माझ्यापुढे बेसनाचा लाडू आला होता. मी नेहमीप्रमाणे नको म्हटलं. लाडू परत गेला. अतिशय आदरानं गेला. त्या घरात माणसाचा शब्द खरा मानतात. पाहुणा नको म्हणतो म्हणजे त्याला नको आहे, आणि त्याच्यावर जबरदस्ती करणं हा त्याचा अपमान आहे. विचार करता यात काही चूक सापडत नाही. फक्त परतीच्या अख्ख्या प्रवासात तो लाडू माझ्या डोळ्यांपुढे होता.

राहिला भाचा. तो तर वऱ्हाडातच वाढलेला. त्याला कळायला हवं होतं. पण मुलगे आग्रह करत नाहीत. त्यांना आग्रह करून घ्यायची सवय असते. “आई येत नाही म्हणाली,” एवढं त्यानं मला सांगितलं आणि फळ्यावर संत्र्याचं चित्र काढायला घेतलं.

मंगळवारची सुट्टी सोडली तर सँडविच रोज चाललं, बरं चाललं. ताईच्या शेजारणीची मुलगी अमरावतीत शिकायला होती. तिनं खाल्लं आणि फोटो पाठवला. तो शेजारणीनं ताईला दाखवला, गल्लीतल्या आणखी तिघींना दाखवला. मी अकोल्याला गेलो की ताई त्या विषयाच्या आजूबाजूनं फिरायची.

“थे दुकान काय म्हंते?”

“चाललंय.”

“लोक खाऊन राहिले म्हणे.”

“हो.”

“तिखट नाई म्हनत का कोनी?”

“ताई, तू जाऊन खात काहून नाहीस?”

“मले काय करायचं?” मग जरा थांबून, “मले कोनी इचारलं का?”

“विचारलं की. माझ्यासमोर.”

“त्याले इचारनं म्हंतेत काय!”

बरण्या मात्र जात राहिल्या. ओळखीचं कोणी अमरावतीला निघालं की त्याच्या हाती बरणी. ताई रोज जवस भाजत होती, कुटत होती. अमरावतीतली निम्मी क्लासची पोरं तिच्या हातचं खात होती, प्रमुख पाहुणे सोडून सगळे खात होते, आणि तिला स्वतःला ते कसं लागतं हे माहीत नव्हतं. एकदा मी पाहिलं, ती उखळातून चिमूटभर चटणी काढून चाखत होती. डोळे मिटून. मला वाटतं, ती त्याला पाव लावून पाहत होती.

माघ सरत आला. बाजारातल्या तुरीच्या शेंगा हिरव्याच्या पिवळ्या व्हायला लागल्या. फळ्यावर भाच्यानं ‘अखेरचे काही दिवस!’ असं लिहून खाली दोन रेघा ओढल्या. इतिहासात एखाद्या राजवटीच्या अस्तालाही इतक्या ठळक रेघा कोणी ओढत नाही.

मी दुपारी दुकानात गेलो. गर्दी नव्हती. सून समोर येऊन बसली. माझं अर्धं सँडविच संपेपर्यंत ती टेबल पुसत राहिली.

मग म्हणाली, “मामा, आईंना हे आवडलेलं नाही ना?”

“काय?”

“हेच. त्यांची चटणी अशी पावाला लावून विकणं. मी बोलावलं तर नको म्हणाल्या. त्यांच्यासाठीच तर केलं होतं मी. फळ्यावर ‘सासूबाईंच्या हातची’ असं लिही म्हटलं होतं, तर तुमच्या भाच्यानं काळी माती लिहिलं.”

“परत विचारलंस का त्यांना?”

“परत कसं विचारणार? त्या स्पष्ट नको म्हणाल्या. मोठ्या माणसांवर जबरदस्ती करायची का?”

मी सँडविच खाली ठेवलं आणि तिला नकोचा सगळा व्यवहार समजावून सांगितला. तीस वर्षांच्या सवयीनं ते लेक्चर झालं. आत्या आली, पंगत आली, मागच्या पिढ्यांचे दाखले आले. तिनं ते मन लावून ऐकलं. माझ्या वर्गात असं कोणी ऐकलेलं मला आठवत नाही.

“म्हणजे त्या खोटं बोलल्या?”

“नाही गं. त्या वाट पाहत होत्या.”

ती खिडकीबाहेर पाहू लागली. बाहेर पोरांचा एक लोंढा एका क्लासमधून सुटून दुसऱ्या क्लासकडे चालला होता.

“किती वेळा विचारायचं असतं?” तिनं विचारलं.

“तीनदा,” मी म्हणालो. शिक्षकाला ठाम आकडा सांगितल्याशिवाय चैन पडत नाही.

मला वाटलं, आता ही फोन करेल. पण तिला भीती वाटत होती. एवढ्या दिवसांनी फोनवर तीनदा विचारायचं म्हणजे चिडवल्यासारखं होईल, समोर भेटल्या तर विचारीन, असं ती म्हणाली. तिकडे ताई बोलावल्याशिवाय येणार नव्हती. मग मी मध्यस्थी करायची ठरवली, आणि मध्यस्थ करतात तसा सगळा घोळ केला. एक सँडविच बांधून घेतलं आणि सकाळच्या एसटीनं अकोल्याला नेलं. वांग्याला पाणी सुटलं, पाव ओला झाला, मूर्तिजापूरपर्यंत अख्ख्या गाडीला जवसाचा वास येत होता. ताईपुढे ठेवलं.

“कोनं पाठवलं?” तिनं विचारलं.

इथं मी सुनेचं नाव घ्यायला हवं होतं. पण मी म्हणालो, “मीच आणलं. घे ना.”

“नको.”

“घे ना ताई.”

“नको रे.”

“अगं, तुझ्यासाठी एवढ्या दुरून आणलं.”

“भाऊ,” ती शांतपणे म्हणाली, “तू दहादा म्हन. तुया घरचं हाय काय थे?”

बरोबर होतं तिचं. आग्रह ज्याच्या चुलीवर शिजलं त्यानंच करायचा असतो. तिनं ते सँडविच उलटसुलट करून नीट पाहिलं, वास घेतला, आणि शेजारच्या गाईला दिलं. गाईनं एकदाही नको म्हटलं नाही.

पुढच्या शनिवारी ताईचा फोन आला. “अंबादेवीची ओटी भरायची राहिली हाय. येऊन राहिली मी उद्या.”

“ओटी तर नवरात्रात भरलीस.”

“मंग? देवी नको म्हंते काय?”

मी बडनेरा स्टेशनवर तिला उतरवून घ्यायला गेलो. ती गाडीतून उतरली तेव्हा तिच्या अंगावर लग्नाकार्यातली जांभळी साडी होती, आणि हातातल्या पिशवीत बरणी. रिक्षात बसल्यावर मी विचारलं, “नाश्ता केला?” ती म्हणाली, “पोट भरेल हाय.” ही तिची ‘नको’नंतरची दुसरी खूण. पोट भरलेलं आहे असं तिनं न विचारता सांगितलं की समजायचं, सकाळपासून पोटात काही नाही.

ओटी झाली. देवळाबाहेर चपला घालताना ती दुसरीकडेच पाहत म्हणाली, “आता आलोच हाओत, त बरनी देऊन टाकू. उगंच कोनाच्या हाती पाठवा लागते.”

दुकानात शिरलो तेव्हा सून काउंटरमागे होती. तिनं ताईला पाहिलं, हातातला चमचा ठेवला आणि बाहेर आली. वाकून नमस्कार केला. ताईनं बरणी पुढे केली.

“हे द्याले आली होती. चालली मी.”

“आई, बसा ना. सँडविच खाऊन जा.” सुनेनं माझ्याकडे पाहिलं. हे पहिलं.

“नको वं. आत्ताच जेवून आली.”

“थोडंसं घ्या. तुमच्यासाठी करते.” हे दुसरं.

“नाई, मले तिखट सोसत नाई आता.” हे त्या बाईचं विधान, जी मिरचीचा ठेचा तोंडी लावण्याऐवजी भाजीसारखा खाते.

“आई, घ्या ना. एकच.” तिसरं. सून आता माझ्याकडे पाहतच राहिली. मी सांगितलेला अभ्यासक्रम इथं संपत होता.

“नको म्हनलं ना माय,” ताई म्हणाली.

मी मेनूकार्ड वाचायला घेतलं. माझी चूक मला दिसत होती. तीन हा आकडा साध्या पाहुण्यासाठी. रुसलेल्या सासूचा हिशेब वेगळा असतो आणि तो कोणी मांडलेला नाही. शिवाय ताई आता अडकली होती. एवढे दिवस वाट पाहून ती साडी नेसून आली होती, पण नको म्हणण्याची गाडी एकदा उताराला लागली की तिला स्वतःलाही थांबवता येत नाही. ती दाराकडे वळलीसुद्धा. खांदे जरा उतरलेले होते. सुनेच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, आणि तिच्या तोंडून ‘बरं आई’ निघणार होतं. तिच्या माहेरची सगळी शिकवण ते ‘बरं’ पुढे ढकलत होती. ते निघालं असतं तर तुरीबरोबर बरंच काही संपलं असतं.

“आई,” ती म्हणाली, “खाऊ नका मग. पण जरा मीठ पाहून सांगाल?”

ताई थांबली.

“मला रोज वाटतं ठेच्यात मीठ चुकतंय. इथं विचारायचं कुणाला? तुमच्या मुलाला सगळंच छान लागतं. आणि मामा...” तिनं माझ्याबद्दलचं वाक्य पूर्ण केलं नाही.

हे तिला मी शिकवलेलं नव्हतं. मला सुचलंच नसतं. आमच्याकडे जेवायला कितीही वेळा नको म्हणता येतं, पण मीठ पाहायला नको म्हणता येत नाही. लग्नाच्या स्वयंपाकात वरणाचं घमेलं उतरवण्याआधी घरातल्या जाणत्या बाईला शोधून आणतात, ती कितीही रुसून बसलेली असो. ती येते, तळहातावर थेंब घेते, चाखते, आणि म्हणते, घाला अजून. ते खाणं नव्हे. ते काम आहे, आणि कामाला बोलावल्यावर बाई रुसवा खुंटीला टांगून येते. पुण्याच्या मुलीला हे कुठून माहीत असणार? तिला काही माहीत नव्हतं. तिला खरंच मिठाची काळजी वाटत होती.

ताईनं पदर खोचला. “हात कुठं धुवाचे?”

हात धुऊन ती खुर्चीवर बसली. सून आत गेली. तव्यावर पाव चरचरला. मी ताईकडे पाहिलं नाही. अशा वेळी पाहू नये. बशी आली. ताईनं सँडविच उघडून आत पाहिलं, पुन्हा मिटवलं, आणि एक घास घेतला.

ती बराच वेळ चावत राहिली. सून हात पुशीत उभी होती.

“एका घासात नाई समजत,” ताई म्हणाली.

दुसरा घास घेतला. “वांगं कायवर भाजलं?”

“गॅसवर.”

“तरीच.” तिसरा घास. “पाव गोड हाय तुमचा.” चौथा. “सांबार मस्त हाय. चांदूर बाजारचा?”

“इथल्याच बाजारातला, आई.”

“असू दे.” अशी पाहणी करत करत तिनं सगळं सँडविच संपवलं, बशीत सांडलेले तुरीचे दाणे बोटानं टिपून खाल्ले, संत्र्याच्या चारही फोडी खाल्ल्या, आणि मग निकाल दिला. “मीठ जराकसं कमी हाय.”

“मला वाटतच होतं!” सून म्हणाली.

“चाल, दाखवतो तुले.” आणि जांभळ्या साडीतली माझी ताई काउंटरमागे गेली. तिथं त्या दोघी पाठमोऱ्या उभ्या राहिल्या. ठेचा कालवला जात होता, तळहातावर घेतला जात होता, चाखला जात होता. भाचा कुठूनसा आला आणि आईला तिथं पाहून म्हणाला, “अरे, आई! तू तर येत नाही म्हणाली होतीस ना?”

मग ताईनं एक सँडविच स्वतः बांधलं आणि सुनेपुढे धरलं.

“घे.”

“नको आई, मी आत्ताच जेवले.”

ती खरंच जेवली होती. मी दुकानात आलो तेव्हा तिचा डबा काउंटरवर रिकामा पडलेला होता. पण ताईला नकोचा तो अर्थ येत नाही.

“घे म्हनतो ना पोरी. पाह्य किती वाळून गेली.”

“नको, खरंच...”

“चूप. आ कर.”

तिनं तोंड उघडलं. ताईनं घास भरवला. पुण्याच्या मुलीनं भरल्या पोटी, भरल्या डोळ्यांनी अख्खं सँडविच खाल्लं. मधे एकदा तिनं माझ्याकडे पाहिलं, सोडवा म्हणून की कशासाठी ते कळलं नाही. मी मेनूकार्डातून डोकं वर काढलं नाही.

परतीच्या रिक्षात ताईनं रिकाम्या पिशवीची घडी घातली. मग म्हणाली, “पोरगी चांगली हाय. तिले येते सगळं. फक्त मिठाचा अंदाज नाई.”

ताई हात धुवायला गेली होती तेव्हा काउंटरवरच्या त्या पहिल्या ठेच्यातलं बोटभर मीही चाखलं होतं. मीठ बरोबर होतं.

चार दिवसांनी तूर संपली आणि सँडविच बंद झालं. भाच्यानं फळा पुसला आणि नवीन लिहिलं. निरोप, परंपरा, पुन्हा भेटू पुढच्या हंगामात, असं बरंच काही होतं. खाली सूर्यास्ताचं चित्र होतं. मी ते उभं राहून वाचलं आणि, खोटं कशाला बोलू, थोडं भरून आलं.

त्याच्या पुढच्या आठवड्यात आयुष्यात पहिल्यांदा ताई कोणी न बोलावता, कोणाला न कळवता, एकटी अमरावतीला आली. जांभळी साडी, पिशवीत अंबाडीची चटणी आणि चुलीवर भाजलेली चार वांगी. रिक्षा करून थेट दुकानापाशी उतरली.

मंगळवार होता.